सगळ्यांनी घेतलं तर?

माननीय प्रभाकर टाकळकर सरांची आणि माझी पहिली भेट झाली, तेव्हा सर टेबलाखाली होते. चिकलठाण्याच्या एमआयडीसीतल्या त्यांच्या शेडमध्ये मी नोकरी मागायला गेले होते. हातात पॉलिटेक्निकचं गुणपत्रक, पायात बहिणीच्या चपला. वॉचमननं "साहेब बिझी हायेत, बसा तिकडं" म्हणून आत सोडलं. समोर एका टेबलावर लोखंडी डबा उघडा पडलेला आणि टेबलाखालून दोन पाय बाहेर आलेले. "एक स्प्रिंग उडालीय, तुमच्या बाजूला बघा जरा," असा आतून आवाज आला. मी गुडघ्यांवर बसून शोधली आणि दिली. मग धूळ झटकत सर बाहेर आले, नाव-गाव विचारलं. मंदा लकडे, बोरदरी, कन्नडच्या पुढं घाटाच्या अंगाला. हे ऐकल्यावर गुणपत्रक न उघडताच त्यांनी विचारलं, "तुमच्याकडे शेतातली मोटर कोण चालू करतं?"

आता बघा, मी रात्रभर ओहमचा नियम पाठ करून गेलेली. विचारलं काय, तर मोटर! पण सांगितलं. शेतीची लाईट रात्रीच येते, आमचे आबा, म्हणजे वडील, बॅटरी आणि काठी घेऊन ओढा ओलांडून जातात, एकदा स्टार्टरच्या पेटीवर साप बसलेला होता, ते परत येईपर्यंत आई चुलीपाशी जागी बसते. सांगता सांगता मुलाखत आहे हेच विसरले आणि मला माझाच राग आला. सर ती स्प्रिंग चिमटीत धरून सगळं ऐकत होते. शेवटी म्हणाले, "उद्यापासून या." हीच माझी मुलाखत. इतकी वर्षं झाली, गुणपत्रक त्यांनी अजून पाहिलेलं नाही.

सरांचं घराणं पैठणचं. आजोबा भिक्षुकी करत, वडील कचेरीत कारकून होते. मुलगा पुण्याची चांगली नोकरी सोडून गावाकडे येतो आणि पत्र्याच्या शेडमध्ये लोखंडी डबे बनवतो, म्हणून नातेवाईक चारचौघांत त्यांचा विषयच काढत नसत. हे मला काकूंनी, म्हणजे सरांच्या पत्नींनी, हसत हसत सांगितलं आहे. सरांना मात्र त्याचं काही वाटायचं नाही. ते म्हणायचे, "आजोबा देवाला जागं करायचे, मी मोटरीला करतो. धंदा तोच."

त्या डब्याचं नाव 'पहारा'. लाईट आली की तो डबा आपण होऊन ओळखायचा आणि शेतातली मोटर आपोआप चालू करायचा. शेतकऱ्यानं घरी झोपावं. आज मोबाईलवर सगळं जग चालतं, त्यामुळे नव्या पिढीला यात विशेष वाटणार नाही. पण त्या काळी ही केवढी गोष्ट होती ते मला विचारा. पहिला चाललेला 'पहारा' सरांनी स्वतः येऊन आमच्या शेतात बसवला. आबांनी त्याला भंडारा लावला, नारळ फोडला. त्या रात्री आमची आई, माझ्या आठवणीत पहिल्यांदाच, आबांच्या आधी झोपी गेली. पुढच्या काही वर्षांत कन्नड, वैजापूर, सिल्लोड, पार जालन्यापर्यंत 'पहारा' गेला. एका शेडच्या तीन शेड झाल्या. मी जोडणी विभागातून डिझाइनला आले. शहरालगतच्या सातारा गावाच्या बाजूला नव्या वसाहती उठत होत्या, तिथं माझं स्वतःचं घर झालं. आमच्या खानदानात सिमेंटचा स्लॅब घातलेली मी पहिलीच.

सरांच्या स्वभावातला ओलावा सांगायचा तर पाण्याच्या सुट्टीचं सांगावं लागेल. आपल्या शहरातल्या वाचकांना नळाला पाणी किती दिवसांनी येतं हे समजावून सांगायची गरज नाही. बाहेरच्यांनी एवढंच समजावं, की इथं लोक लग्नाची तारीखसुद्धा पाण्याचा दिवस टाळून काढतात. दुष्काळाच्या सालांत तर एकेका कॉलनीचा वार कधी येईल याचा नेम नसायचा. आमच्याकडच्या बाया त्या दिवशी हमखास उशिरा यायच्या, सुपरवायझर कावायचा. सरांनी एकदा एकीला विचारलं, तिनं सांगितलं. दुसऱ्या दिवशी गेटपाशी फळा लागला, ज्या कॉलनीत आज पाणी तिच्या लोकांनी पाणी भरून मगच यावं, खाडा नाही. शेजारच्या कारखान्याचे मालक हसले. म्हणाले, "टाकळकर, तुम्ही कंपनी चालवता का पाणीपुरवठा खातं?" पण त्या फळ्यानंतर आमच्याकडची एकही बाई नोकरी सोडून गेली नाही. पुरुषही घरी पाणी भरायला लागले, हा वरचा फायदा. "आज आमच्याकडं पाणी हाय" म्हणत लवकर पळणारे बहाद्दरही निघाले, ते सोडा.

इथवर लिहिलेलं संपादक मंडळाला फार आवडलं असतं. त्यांनी मला आधीच फोन करून सांगितलं होतं, "ताई, सरांच्या पंच्याहत्तरीचा ग्रंथ आहे, जरा गोड लिहा." मी गोड लिहायलाच बसले होते. पण सरांना कुणीतरी सांगितलं की मंदाताई लिहितायत, आणि त्यांचा निरोप आला. "बोरदरीचं लिहिणार असाल तर लिहा. नाहीतर लेख देऊ नका." आता काय करता? आमचे सर तसे मऊ, पण एकदा म्हणाले की म्हणाले. म्हणून पुढचं लिहिते आहे, मान खाली घालून लिहिते आहे. या ग्रंथात 'पहारा'चं कौतुक करणारे बरेच लेख असतील आणि ते खोटे नसतील. माझं घरच त्या डब्यावर उभं आहे, मी कोणत्या तोंडानं खोटं म्हणू?

झालं असं, की पावसानं लागोपाठ पाठ फिरवली त्या सालांत सर कन्नडच्या आमच्या दुरुस्ती केंद्रावर गेले होते. मी बरोबर होते. दुरुस्तीला आलेले डबे त्यांना स्वतः उघडून बघायची सवय. त्या दिवशी एक उघडला, दुसरा उघडला, मग सगळेच ओळीनं टेबलावर मांडायला लावले. डब्यावर एक बटण असायचं. एका बाजूला 'हाताने', दुसऱ्या बाजूला 'आपोआप'. जवळजवळ प्रत्येक डब्याचं बटण 'आपोआप'वर ठेवून वरून काळ्या डिंकासारख्या कसल्याशा मसाल्यानं पक्कं चिकटवून टाकलेलं. कायमचं. मेकॅनिकला विचारलं तर तो सहज म्हणाला, "शेजाऱ्यानं बंद करू नाय म्हनून, साहेब. आपली बंद आन् त्याची चालू, म्हंजी आपलं पानी त्यानं वढलं ना!"

सर खुर्चीत बसले. बराच वेळ ते एका बटणावरून अंगठा फिरवत होते. मग मला म्हणाले, "आबांना फोन लावा. पूर्वी कसं करायचे विचारा." मी लावला. आबांनी सांगितलं ते मला स्वतःला ठाऊक नव्हतं, कारण मी पाचवीपासून मुलींच्या वसतिगृहात. पूर्वी म्हणे ओढ्याकाठच्या सगळ्यांनी पाळी लावलेली होती. रोज रात्री उठून कोण मरणार? आज यांनी जायचं, उद्या त्यांनी. ज्याची पाळी त्याचीच मोटर चालायची, बाकीचे झोपायचे. पाळी कुणी मोडली तर सकाळी त्याला पारावर बोलणी बसायची. कुणाला कायदा ठाऊक नव्हता, भूजल ठाऊक नव्हतं. निव्वळ झोपेपायी लावलेली पाळी, पण तिच्यामुळे ओढ्याकाठच्या सगळ्या मोटरी कधी एकदम पाणी ओढत नव्हत्या. "आता डबा हाय, पाळी कशाला पायजे?" आबा हसून म्हणाले.

आमच्या डब्यानं सगळ्यांना झोप दिली आणि सगळ्यांच्या मोटरी एकाच क्षणी जाग्या केल्या. एकदम एवढा भार आला की डीपी, म्हणजे विजेचा ट्रान्सफॉर्मर, जळायची, हे तर गावोगाव चाललंच होतं. पण त्याहून वाईट म्हणजे ओढ्याच्या खालच्या अंगाला गावाची प्यायच्या पाण्याची विहीर होती. पूर्वीच्या दुष्काळात ती कशीबशी उन्हाळा काढायची. आता ती संक्रांतीला खडखडीत. दुष्काळ होताच, त्याला कोण नाही म्हणतं? पण शेवटचा घोट आम्ही ओढला होता. बोरदरीला टँकर सुरू झाला. आबांनी कळप विकला. धनगराच्या दारातून मेंढरं गेली म्हणजे काय गेलं, ते मी इथं लिहू शकत नाही.

सरांनी ठरवलं, बोरदरीला जायचं, चार माणसं बसवायची आणि तोंडानं सांगायचं. आमचं चुकलं, बटणं मोकळी करा, पाळी परत लावा, डबे परत द्यायचे असतील तर द्या. मी भाऊ किसनला फोन केला. "सर येणार आहेत, गावाशी बोलायचंय, माणसं जमवून ठेव." बस्स, एवढंच बोलले. आता आमच्याकडं मोठं माणूस गावात येणार आणि माणसं जमवायची म्हटल्यावर किसननं काय समजावं? तेच समजला, जे महाराष्ट्रातला कुठलाही शहाणा माणूस समजेल. सत्कार!

आमची गाडी वेशीत शिरली तर ढोल. पोरं नाचतायत, बाया आरती घेऊन उभ्या, शाळेच्या पुढं मांडव. सरांनी माझ्याकडं बघितलं, मी किसनकडं. किसन छाती फुगवून माईकवर. "साहेबांनी आमची रातची झोप वापस दिली! लई उपकार हायेत! आमची मंदा त्यांच्याच कंपनीत मोठी विंजनेर हाय!" मांडवाच्या मागं पाण्याचा टँकर थांबलेला. ड्रायव्हरही कार्यक्रम बघायला उतरलेला आणि हंड्यांची रांग तशीच उन्हात. सरांसाठी मात्र कन्नडहून बाटलीचं पाणी आणलेलं. आबा उठले. विकलेल्या मेंढरांच्या शेवटच्या लोकरीतून सणगराकडून विणून आणलेली घोंगडी त्यांनी सरांच्या खांद्यावर घातली, कपाळाला भंडारा लावला आणि म्हणाले, "आता तुमी आमचे."

आमच्यात घोंगडी खांद्यावर पडली की माणूस घरचा होतो. घरच्या माणसानं भरल्या मांडवात काय सांगावं, की मी तुमचं पाणी संपवलं? सर माईकपाशी गेले. मला त्यांचे हात दिसत होते, ते घोंगडीच्या काठाशी चाळा करत होते. ते म्हणाले, "मी आपल्याला... आपण माझा मोठा मान केलात. आभारी आहे." आणि खाली बसले. टाळ्या कडाडल्या. मग जेवण झालं, पिठलं, भाकरी, वर लापशी. सर जेवले. आग्रह झाला तर पुन्हा घेतलं.

परतताना हतनूर गाव मागं पडलं. मग सर म्हणाले, "मी काय बोललो?"

"आभारी आहे म्हणालात."

"आणखी?"

"आणखी काही नाही, सर."

"चोरासारखा बसलो होतो हो मी तिथं. आणि ते मला वाढत होते." मग खिडकीकडे तोंड करून म्हणाले, "मंदाताई, मला फार लाज वाटतेय."

मला त्यांच्याहून जास्त वाटत होती आणि ती वेगळ्याच गोष्टीची होती. किसननं माईकवर माझं नाव घेतलं तेव्हा सगळ्या चुलत्या-मावश्यांनी वळून माझ्याकडं बघितलं होतं आणि माझी मान ताठ झाली होती. विहीर, टँकर, कळप, सगळं माहीत असून ताठ झाली होती. आजही तो क्षण आठवला की कानाची पाळी गरम होते.

पुढचं सगळ्यांना माहीत आहे. सरांनी डब्याची रचना बदलली. लाईट आल्यावर प्रत्येक डबा वेगवेगळ्या वेळानं मोटर चालू करेल, अशी. डीप्या जळायच्या थांबल्या. त्याबद्दल सरांचा शहरात सन्मान झाला. ते सन्मानचिन्ह त्यांनी घरी नेलंच नाही, माझ्या टेबलाखाली ठेवून गेले. म्हणाले, "डीपी वाचली, मंदाताई. विहीर नाही वाचली." बोरदरीला परत जायचं ते दर महिन्याला म्हणायचे. कधी पाऊस यायचा, कधी ऑर्डर, कधी काकूंचं ऑपरेशन. खरं कारण त्यांनी माझ्याजवळ एकदाच बोलून दाखवलं. "आबांनी 'आमचे' म्हटलं ना, ते पुसलं जाईल याची भीती वाटते." मोठ्या माणसाच्या तोंडून असं ऐकलं की आपण तोंड लपवायला जागा शोधतो.

काही वर्षांनी त्यांनी कंपनी एका मोठ्या कंपनीला विकली. कारखाना वाढला, लोकांच्या नोकऱ्या राहिल्या. विकताना सरांनी एकच अट घातली होती, की डब्याबरोबर गावोगाव पाळीचं समजावून सांगणारा माणूस जाईल. मान्य झालं, कागदावर आलं आणि पुढच्या साली तो माणूसच रद्द झाला. डबा आजही विकला जातो. मीही तिथं निवृत्त होईपर्यंत होते, हेही लिहून टाकते.

सरांनी मात्र शहराच्या छावणी भागात एक जुनं बंगलीवजा घर भाड्यानं घेतलं, प्लास्टिकच्या खुर्च्या टाकल्या आणि नव्या पोरांच्या स्टार्टअपमध्ये भांडवल घालायला बसले. मुंबई-पुण्याचे गुंतवणूकदार विचारतात, चाललं नाही तर काय? आमच्या सरांचा प्रश्न उलटा. ते सगळं शांतपणे ऐकून घेतात, चहा पाजतात आणि मग म्हणतात, "छान आहे. पण समजा चाललं. समजा सगळ्यांनी घेतलं. मग?" किती पोरं या प्रश्नावर घाम फुटून परत गेली आहेत! काहींनी बाहेर जाऊन सरांना म्हातारा खुळावलाय असंही म्हटलं. सरांना कळलं, तर म्हणाले, "बरोबर आहे त्यांचं. मला वेळेवर कुणी विचारलं नाही, म्हणून मी उशिरा खुळावलो."

फैजान शेख हा त्यातलाच एक. आज तो या ग्रंथाच्या गौरव समितीचा खजिनदार आहे, म्हणून त्याच्या परवानगीनं सांगते. मोबाईलवर पाण्याचा टँकर मागवायचं ॲप घेऊन आला होता. बीड बायपासच्या नव्या इमारती पाण्याविना तडफडत होत्या, कल्पना चालणारच होती. सरांनी प्रश्न विचारला. फैजान म्हणाला, "सब ने लिया तो अच्छाच है ना सर, बिझनेस बढ़ेगा." सर म्हणाले, "टँकर तेवढेच आहेत. ज्याचं बोट आधी पडेल त्याच्याकडे टँकर जाईल. ज्या घरात आजी एकटी आहे आणि मोबाईल साधा आहे, तिचं काय?" फैजान म्हणाला, "ऐसा तो सोचाच नहीं, सर." सरांनी त्याला हाकललं नाही. म्हणाले, "आठवडाभर टँकरवर बसून फिरा, मग या." तो खरंच फिरला. परत आला तो वैयक्तिक बुकिंग काढून टाकून, आख्ख्या गल्लीनं मिळून वारानं टँकर घ्यायची योजना घेऊन. सरांनी त्याच दिवशी भांडवल दिलं. मग मला फोन केला. "मंदाताई, पोरानं पाळी लावली हो!" दुसऱ्याला वेळेवर विचारता आलं, याचा आनंद आणि स्वतःला विचारता आलं नाही, याची लाज, दोन्ही एकाच माणसात असतात आणि दोन्ही खरी असतात.

आता पंच्याहत्तरी. आम्ही जुने सहकारी आणि त्यांच्या मदतीनं उभी राहिलेली तरुण मंडळी, सगळ्यांनी मिळून मोठं सभागृह बघितलं, शाल, श्रीफळ, मानपत्र, सगळं ठरवलं आणि सरांकडं गेलो. ते म्हणाले, "नको." आम्ही म्हणालो, "अहो, असं कसं?" ते म्हणाले, "मला एकदा सत्कारानं गप्प केलंय. या वयात परत गप्प व्हायची माझी हिंमत नाही." फैजाननं विचारलं, "तो फिर कैसे करना, सर?" सर म्हणाले, "बोरदरीला करा. हार नाही, शाल नाही. आधी मी बोलणार."

चार-पाच महिन्यांपूर्वी गेलो. यावेळी मी किसनला नीट सांगितलं, अगदी दमच भरला. ढोल नव्हता. आमचे आबा नव्हते, त्यांना जाऊन काही वर्षं झाली. देवळाच्या ओट्यावर माणसं बसली. सर उभे राहिले, हातात कागद नव्हता, आणि साध्या शब्दांत सगळं सांगितलं. बटणं, पाळी, विहीर. "हे मला त्या सत्काराच्या दिवशीच ठाऊक होतं. सांगायलाच आलो होतो. घोंगडी घेतली आणि सांगितलं नाही."

मग माझी धाकटी चुलती म्हणाली, "म्हंजी हीर तुमच्यामुळं आटली व्हय?"

"एकट्या माझ्यामुळे नाही. पाऊसही नव्हता. पण माझा डबा लागल्यावर ती इतक्या लवकर आटायला लागली. आणि मला कळल्यावर मी बोललो असतो, तर पुढची सालं कदाचित वेगळी गेली असती."

किसन उठला. माझा भाऊ तसा हसरा. त्या दिवशी त्याचं तोंड मला ओळखू येईना. "आबा व्हते तव्हा सांगायला पायजे व्हतं, साहेब. आबानं मेंढरं इकली. मरस्तोवर आभाळाला शिव्या देल्या त्यानं."

"हो," सर म्हणाले.

"आमी काय मारलं असतं का तुमाला?"

"नाही, किसनराव. तुम्ही जेवायला घातलं असतं. त्याचीच मला भीती होती."

मला वाटलं होतं, आता कुणीतरी म्हणेल, जाऊ द्या साहेब, झालं ते झालं. आपल्याकडं म्हणतातच. कुणीही म्हटलं नाही. मी मनातल्या मनात किसनला विनवत होते, म्हण रे, एवढं म्हण. तो खाली बसला, पण म्हणाला नाही. सर उभेच होते, पंच्याहत्तर वर्षांचा माणूस, आणि त्यांना बसा म्हणायचंही कुणाला सुचेना. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. शेवटी मीच ओरडले, "अगं बाई, खुर्ची द्या कुणीतरी!"

मग एक तरुण पोरगा, ओढ्यापलीकडच्यांचा, म्हणाला, "पर ती पाळी म्हंजी नेमकी काय करायची?" तिथून जी भांडणं सुरू झाली ती जेवणाची वेळ टळून गेली तरी चालूच. पहिली पाळी कुणाची, ज्याला बोअर आहे त्याचं काय, ऊसवाल्याला दोनदा का. काही जण "असलं काय जमायचं नाय" म्हणत उठून गेले. काही थांबले. आजही आख्खं गाव पाळीत नाही, निम्मंशिम्मंच आहे. विहिरीला पाणी आलं असंही मी लिहिणार नाही. आलेलं नाही. उठताना किसननं एवढंच म्हटलं, "आबाच्या मोटरीवर साहेबांचीबी पाळी लावा. हातानं चालू करायची. बघू द्या."

आणि सर जातात! पंधरवड्याला एकदा मध्यवर्ती बसस्थानकावरून कन्नडची एसटी, पुढं जीप. काकू पिशवीत गोळ्या आणि स्वेटर भरून देतात आणि मला फोन करून माझ्यावर ओरडतात, जणू हे सगळं मीच लावून दिलं. मी सरांना म्हटलं, फैजानची गाडी घेऊन जा. नाही म्हणाले. आम्ही शहरातली माणसं सभागृहाचं भाडं ठरवत होतो आणि हा माणूस या वयात बॅटरी घेऊन आमच्या आबांच्या पायवाटेनं जातो. मी त्या घरची लेक, मी अजून एकदाही गेलेली नाही.

परवा न राहवून मी किसनला फोन केला. म्हटलं, "बास कर की आता. माफ केलं म्हणून टाक. त्यांचं वय बघ."

"नाय म्हननार."

"अरे, रागावलायस का अजून?"

तो म्हणाला, "राग कवाच गेला, अक्का. पर माफ केलं म्हनलं तर म्हातारा यायचा बंद व्हईल. गप ऱ्हा तू. लई वर्सं येऊ दे त्यांला."

सरांना दीर्घायुष्य चिंतणाऱ्या या ग्रंथात मला याहून मोठी प्रार्थना करता येत नाही. सर, किसननं तुम्हाला अजून माफ केलेलं नाही. पुढची पंचवीस वर्षं तरी तो करणार नाही, असं दिसतंय.